घोड्याएवढा उडणारा प्राणी पाठीवर माणूस घेऊन उठेल का?

तुमचा प्रश्न दोनदा वाचला. कादंबरीतलं राज्य सह्याद्रीसारखं आहे, कडे, घाट, चार महिने पाऊस. गडावर घोड्याएवढे उडणारे प्राणी पाळलेत, गरुडाचं तोंड, चार पाय, वर दोन पंख, पाठीवर चिलखत घातलेला शिपाई, आणि हुकूम आला की दिवसा-रात्री कधीही उड्डाण. आणि तुम्ही विचारताय की पंखांचा पसारा किती धरू म्हणजे वाचणाऱ्याला पटेल.

पसाऱ्याचा आकडा खाली देतेच. पण मला वाटतं तुमची खरी अडचण ती नाहीये. तुमची अडचण आहे जमिनीवरून उठणं. मी २२ वर्षं कॉलेजात प्राणिशास्त्र शिकवतेय, हाडं आणि स्नायू हा माझा आवडता भाग, आणि गेली काही वर्षं गेम आणि अ‍ॅनिमेशनवाली मुलं त्यांच्या प्राण्यांची चित्रं घेऊन येतात तेव्हा त्यांच्यासोबत बसून ती शरीरं नीट बसवून देते. जवळजवळ प्रत्येक चित्रात प्राणी आधीच हवेत असतो. मी पहिलं हेच विचारते की हा तिथं पोचला कसा, आणि बहुतेक वेळा तिथूनच सगळं चित्र बदलायला लागतं, कारण प्राणी उठतो कसा यावरून तो राहतो कुठं, कधी निघतो, किती खाऊन निघतो, कोणाला पाठीवर घेतो, हे सगळं ठरतं.

आपल्याकडे विष्णू गरुडावर बसतो तेव्हा कुणी हा हिशोब मागत नाही, आणि मागूही नये, तो देव आहे. पण तुम्ही पागा लिहिताय, रोजचं खाणं लिहिताय, पहारे लिहिताय. एकदा पागा आली की वजन आलं, भूक आली, शेण आलं. म्हणून हिशोब करूया.

लांब चोचीचं गिधाड घ्या. त्र्यंबकजवळ अंजनेरीच्या कड्यांवर ही घरटी करतात, गेला असाल तर बघितलं असेल. हिशोबापुरतं वजन साडेपाच किलो धरू, पसारा २.२ मीटर, आणि पंखांचं क्षेत्रफळ पाऊण चौरस मीटर. म्हणजे पंखाच्या प्रत्येक चौरस मीटरवर सव्वासात किलोच्या आसपास भार. आता हेच गिधाड सगळ्या बाजूंनी चौपट करा. पसारा ८.८ मीटर झाला, छान वाटतं. क्षेत्रफळ मात्र चार गुणिले चार म्हणजे १६ पट, १२ चौरस मीटर. आणि वजन चार गुणिले चार गुणिले चार, ६४ पट, म्हणजे ३५० किलो. लांबी वाढते तशी पंखाची जागा वर्गाने वाढते आणि वजन घनाने वाढतं, सगळी गोम इथं आहे. भार झाला चौरस मीटरला २९ किलो, वर ८० किलोचा शिपाई आणि चिलखत ठेवलं की ३६. गिधाडाला हवेत टिकायला कमीत कमी ताशी ३५ किलोमीटरच्या आसपास वेग लागत असेल तर तुमच्या प्राण्याला शिपायासकट ७५-८० लागेल, आणि तेवढा वेग मिळेपर्यंत हवा त्याला धरणारच नाही.

आता हवेत एकदा ७५ चा वेग असणं हे काही अवघड नाही, वरून सूर मारला की येतो. पण सपाट अंगणात उभ्या असलेल्या ३५० किलोच्या प्राण्याने शून्यापासून तो वेग आणायचा कसा? लहान पक्षी पंख भराभर मारतो, मोठ्या पक्ष्याला ते जमत नाही, पंख जितका लांब तितका एक फटका सावकाश, आणि शरीराच्या दर किलोमागे मिळणारी ताकद कमी होत जाते तर लागणारी ताकद वाढत जाते. आज उडणाऱ्या पक्ष्यांत सगळ्यात जड म्हणजे आफ्रिकेतला कोरी बस्टर्ड आणि युरोप-आशियातला मोठा बस्टर्ड, आपल्या माळढोकाचे भाऊबंदच, आणि त्यांचे नर फार तर १८-२० किलोच्या आसपास थांबतात. हंस पाण्यावर धावत जातो बघा, पाय आपटत आपटत. पक्षी उठतो तो आधी मागच्या पायांच्या उडीवर, पंख नंतर कामाला येतात.

हे वाचून हिरमुसू नका, कारण निसर्गाने तुमच्या मापाचा प्राणी एकदा करून दाखवलाय. १९७१ साली टेक्सासमध्ये क्वेट्झलकोअ‍ॅटलस नावाच्या टेरोसॉरची हाडं सापडली. पसारा १० ते ११ मीटर, वजनाचा अंदाज २०० ते २५० किलो, उभा राहिला तर जिराफाच्या उंचीचा. टेरोसॉर म्हणजे डायनोसॉरांच्या काळातले उडणारे, आता नामशेष झालेले सरपटणारे प्राणी, पक्षी नव्हे, डायनोसॉरही नव्हे, त्यांच्या जवळची वेगळी शाखा. आणि इतका मोठा प्राणी उठायचा कसा याचं जे उत्तर मला सगळ्यात पटतं ते असं, की तो चारही पायांवर चालायचा, पुढचे पाय म्हणजेच घडी घातलेले पंख, आणि उडताना उडी मुख्यतः त्या पुढच्या पायांनीच मारायचा. म्हणजे ज्या स्नायूंनी पंख मारायचे, शरीरातले सगळ्यात दांडगे स्नायू, तेच उडीला वापरायचे. रक्त पिणारी वटवाघळं आजही जमिनीवरून अशीच उडी घेतात. पक्ष्याला उडीसाठी वेगळे मोठे पाय लागतात आणि हवेत गेल्यावर ते पाय नुसतं ओझं असतं. पक्षी एवढे मोठे का झाले नाहीत आणि टेरोसॉर का झाले, त्यात या गोष्टीचा वाटा मोठा असावा.

त्यामुळे माझा पहिला आग्रह: चार पाय अधिक दोन पंख हे सोडा. पाठीचा कणा असलेल्या सगळ्या प्राण्यांची मांडणी चारच अवयवांची आहे, पक्षी असो, वटवाघूळ असो, पंख म्हणजे पुढचा हातच. सहा ठेवायचे तर ठेवता येतात, पण मग तुमच्या जगातले बैल, कुत्री, माकडं हे सगळे सहा अवयवांचेच पाहिजेत, कारण पूर्वज एक, आणि ते तुम्ही लिहिलेलं नाही. शिवाय पंखाला स्वतःचा खांदा लागतो आणि छातीवर स्नायू चिकटायला जागा लागते. चिकन खाणाऱ्या कुणालाही हे दाखवता येतं. कोंबडीच्या छातीत मधोमध होडीच्या तळासारखं उभं हाड असतं, त्याच्या दोन्ही बाजूंना जो जाड ब्रेस्ट पीस असतो तो पंख खाली ओढणारा स्नायू, आणि त्याच्या आत चिकटलेली ती लांबट पट्टी, जिला टेंडर म्हणून वेगळं विकतात, ती पंख वर उचलते. हो, वर उचलणारा स्नायूसुद्धा खालीच छातीत असतो, त्याची दोरी खांद्यातल्या फटीतून कप्पीवरून जावी तशी वर जाते. उडणाऱ्या पक्ष्यांत हे स्नायू मिळून शरीराच्या वजनाचा सहावा ते चौथा हिस्सा सहज असतात. तुमच्या चित्रात त्या छातीच्या जागी घोड्याचे पुढचे पाय आणि त्यांचे खांदे आहेत, मग हा ५०-६० किलोचा स्नायू ठेवायचा कुठं?

चार पायांवर उभा राहणारा प्राणी हवा असेल तर टेरोसॉरसारखाच करा, पुढचे दोन पाय म्हणजे घडीचे पंख. दिसायला तर तो मला जास्त भारी वाटतो, उंच खांदे, उतरती पाठ, चालताना पंखाची घडी कोपरापासून वर आभाळाकडे गेलेली.

पिसं की पातळ कातडी, हेही विचारलंय. एवढ्या मापाला मी कातडीच देईन. पिसं झिजतात, दरवर्षी नाही तर दोन-तीन वर्षांत बदलावी लागतात, आणि पीस जितकं लांब तितकं ते उगवायला वेळ जास्त. बदकं आणि हंस तर सगळी मोठी पिसं एकदम टाकतात आणि तेवढे आठवडे उडूच शकत नाहीत. तुमचा प्राणी पिसांचा ठेवलात तर वर्षातून काही महिने अर्धी पागा जमिनीवर बसलेली असणार. कथेत शत्रूला हे माहीत असेल तर तो त्याच महिन्यांत येईल, त्यामुळे तो रस्ता बंद करत नाही, फक्त जाणूनबुजून निवडा. कातडीचा पंख फाटला तर भरून येतो, वटवाघळांच्या पंखातली भोकं काही आठवड्यांत बुजतात. पण कातडी भिजते. भिजलेल्या वटवाघळाला उडायला कोरड्याच्या दुप्पट ऊर्जा लागते असं मोजलेलं आहे. चार महिने पावसाच्या राज्यात याचा विचार करावाच लागेल.

हाडं पोकळ म्हणून प्राणी हलका, असं तुम्ही लिहिलंय, तेवढं दुरुस्त करा. पक्ष्याचा सांगाडा शरीराच्या वजनाच्या हिशोबात तेवढ्याच सस्तन प्राण्याच्या सांगाड्यापेक्षा फारसा हलका नसतो. पोकळ नळीचा फायदा वेगळा, तेवढ्याच वजनाच्या मालात ती भरीव दांड्यापेक्षा कमी वाकते, सायकलची फ्रेम नळीची असते तसं. आणि खरी गंमत फुप्फुसात आहे. पक्ष्यांच्या अंगात हवेच्या पिशव्या असतात आणि फुप्फुसातून हवा एकाच दिशेने वाहत जाते, आपल्यासारखी आत-बाहेर नाही, म्हणून पट्टकादंब (बार-हेडेड गूज) हिमालय ओलांडताना ७,००० मीटरच्या वर उडताना नोंदलेत, आणि तेच पक्षी हिवाळ्यात आपल्याकडच्या धरणांवर उतरतात. ही फुप्फुसं तुमच्या प्राण्याला द्याच. स्वाराला मात्र ती नाहीत हे विसरू नका, प्राणी ठणठणीत आणि वर बसलेला माणूस थंडीने आणि विरळ हवेने बेशुद्ध, असा प्रसंग अगदी खरा वाटेल.

इथपर्यंतचं थोडक्यात: टेरोसॉरची मांडणी, कातडीचे पंख, पक्ष्याची फुप्फुसं, वजन २०० ते २५० किलो, पसारा १० ते ११ मीटर. घोडा नाही, तट्टू म्हणा.

आता बऱ्याच गोष्टी तुमच्या जगावर अवलंबून आहेत आणि ते तुम्ही लिहिलेलं नाही. तिथली हवा किती दाट आहे, जमिनीची ओढ (गुरुत्वाकर्षण) किती आहे? शनीच्या टायटन चंद्रावर ओढ आपल्या सातव्या हिश्श्याएवढी आणि हवा आपल्या सुमारे चौपट दाट, तिथं माणूसच हाताला पंख बांधून उडू शकेल. तुमच्या जगातली हवा दीडपट दाट धरलीत तर माझे वरचे वेग साधारण पाचव्या हिश्श्याने कमी होतात. पण मग वाराही तेवढाच जास्त जोरात ढकलेल, वादळं जास्त मोडतोड करतील, झाडं-घरं त्या मानाने बुटकी दिसली पाहिजेत. आणि हवा आपल्यासारखी असेल तर ३,००० मीटरवर तिची घनता पाव भागाने कमी झालेली असते, म्हणजे फार उंच गड उड्डाणाला चांगला असं नसतं, कडा सरळ तुटलेला पाहिजे आणि समोर मोकळी दरी पाहिजे, ते जास्त महत्त्वाचं.

कडा का, तर तिथं उठण्याचा प्रश्न सुटतो. दोन पावलं, झेप, खाली सूर, वेग आला, पंख उघडले. दक्षिण अमेरिकेतल्या काँडोर पक्ष्यांच्या अंगावर यंत्रं बसवून केलेला एक अभ्यास २०२० मध्ये आला, त्यात ते पक्षी उडण्याच्या एकूण वेळेपैकी जेमतेम एक टक्का वेळ पंख मारत होते, आणि त्यातलंही तीन चतुर्थांश पंख मारणं उठतानाच होतं. एक काँडोर पाच तासांत १७२ किलोमीटर गेला, एकदाही पंख न मारता. १५ किलोच्या पक्ष्याची ही गत तर २५० किलोच्या प्राण्याने सपाट मैदानातून पंख मारत उठणं म्हणजे जवळजवळ जिवावरचा खेळ, दिवसातून एखाद्या वेळी, तोही स्वार खाली उतरवून.

म्हणून तुमच्या कथेतला "मैदानात उतरून शत्रूवर झडप आणि पुन्हा उड्डाण" हा प्रसंग मला बदलावासा वाटतो. उतरला की तो अडकला. त्याला पायी पायी चढण चढून उतारावर, वाऱ्याकडे तोंड करून उभं राहावं लागेल. कामशेतला पॅराग्लायडिंगवाले कसे टेकडीच्या उतारावर वाऱ्याची वाट बघत बसतात, कधीकधी दोन-दोन तास, तसंच. मला तर हा प्रसंग तुमच्या मूळ प्रसंगापेक्षा जास्त ताणाचा वाटतो, स्वार प्राण्याला लगाम धरून चढावर नेतोय, मागून घोडेस्वार येताहेत, आणि वारा पडलेला आहे.

आता "दिवसा-रात्री कधीही". मी गिधाडांच्या कड्यासमोर सकाळी सकाळी खूप बसलेय. उजाडतं, कावळे, पारवे, घारी कधीच्या निघून जातात, आणि गिधाडं कड्यावर पंख पसरून बसलेलीच. ऊन चढून खालची जमीन तापली, गरम हवेचे भोवरे वर यायला लागले, की नऊ-साडेनऊ-दहाच्या सुमाराला एकेक निसटतं आणि बघता बघता ठिपका होतं. तुमचा प्राणी त्यांच्यापेक्षा चाळीस-पन्नास पट जड आहे, तो याला अपवाद नसणार. रात्री जमीन थंड, गरम हवा नाही, मग तो रात्री उडणार नाही, किंवा कड्यावरून सूर मारून एकदा खाली जाईल आणि सकाळपर्यंत खालीच राहील. पावसाळ्यात उलटं, ऊन नाही पण पश्चिमेचा वारा सरळ कड्यावर आपटून वर चढतो, नाणेघाटात पाणी उलटं उडतं ते त्याच वाऱ्याने. म्हणजे पावसात कड्याच्या काठाकाठाने उत्तर-दक्षिण जाता येईल, कडा सोडून आत देशावर जाता येणार नाही, आणि तेसुद्धा दोन सरींच्या मधल्या उघडिपीत, पंख कोरडे असताना. घाटमाथा हा तुमच्या जगातला हायवे होतो. कुठल्या गडाला किंमत आणि कुठल्या नाही हे त्यावरून ठरेल, तुमच्या नकाशाचं राजकारणच त्यातून निघेल.

खाणं. गरम रक्ताच्या २५० किलोच्या प्राण्याला, रोज थोडंफार उडत असेल तर, ढोबळ हिशोबाने रोजचं सात-आठ किलो मांस लागेल. ऐकायला फार नाही. पण तुम्ही १०० प्राण्यांची पागा लिहिलीय, म्हणजे रोज ७००-८०० किलो. एका बोकडाचं १५ किलो मटण धरलं तर रोज ५० बोकड, वर्षाला १८,०००. एका गडाला हे कुठल्या मुलखातून येणार? हा आकडा बघून तुम्ही पागा १२ ची करा असं मी सुचवेन, किंवा किनाऱ्याजवळचे गड धरा आणि मासळी घाला. मेलेली जनावरं खाणारा प्राणी केलात तर तेही चालेल, लढाया होणाऱ्या राज्यात त्याला तोटा नाही, आणि त्याच्याकडे बघण्याची गावकऱ्यांची नजरही बदलेल.

आणि खाल्लेलं वजन उचलावं लागतं. गिधाड पोटभर खाल्ल्यावर उठू शकत नाही, कुणी जवळ आलं तर खाल्लेलं ओकून टाकतं आणि मग उडतं. तुमच्या पागेतही मोहिमेच्या आदल्या दिवशी खाणं बंद, परत आल्यावर भरपेट, असा रिवाज असणार, आणि ज्याला पागा फोडायची आहे तो रात्री येऊन प्राण्यांना विष कशाला घालेल, नुसतं भरपूर मांस टाकून जाईल.

स्वाराबद्दल. घोड्याच्या बाबतीत त्याच्या वजनाच्या पाचव्या हिश्श्यापेक्षा जास्त ओझं घालू नये असं धरतात. २५० किलोला ते झालं ५० किलो, खोगीर आणि कपड्यासकट. उडणाऱ्याला त्याहूनही कमी घालावं. म्हणजे चिलखतातला ८० किलोचा शिपाई गेला. तुमचे स्वार ४०-४५ किलोचे असतील, रेसकोर्सवरच्या जॉकींसारखे बारीक अंगाचे, बहुतेक बायका आणि मुली, आणि ते ताठ बसणार नाहीत, पालथे पडून चिकटतील, कारण ताठ बसलेला माणूस वाऱ्याला अडवतो. जागा खांद्यांच्या बरोबर मधे. मोठ्या टेरोसॉरमध्ये तिथले मणके एकमेकांना जुळून एकच घट्ट हाड झालेलं असायचं, त्यामुळे पंख हलले तरी ती जागा कमीत कमी हलेल. तलवार-भाल्याला तिथून काही अर्थ नाही. निरोप, टेहळणी, रात्र पडायच्या आत दोन गडांमधे औषध किंवा बातमी पोचवणं, हे त्यांचं काम. माझ्या मते यात लढाईपेक्षा जास्त गोष्ट आहे.

शेवटचा मुद्दा मला फार जवळचा आहे. गिधाडाची जोडी वर्षाला एकच अंडं घालते आणि पिल्लू अंडी घालायच्या वयाचं व्हायला पाचेक वर्षं जातात. अशा प्राण्यांची संख्या टिकते ती मोठे पक्षी वर्षानुवर्षं जगतात म्हणून. गुरांना टोचलेलं डायक्लोफेनॅक हे वेदनाशामक औषध मेलेल्या गुरांतून त्यांच्या पोटात गेलं आणि आपल्याकडच्या तीन जातींच्या गिधाडांपैकी नव्वद टक्क्यांहून जास्त पक्षी काही वर्षांत संपले. २००६ मध्ये ते औषध गुरांसाठी बंद झालं, तरी आजही आभाळ भरलेलं नाही, कारण वर्षाला एक अंडं. तुम्ही पहिल्याच लढाईत ४० प्राणी मारलेत आणि दुसऱ्या भागात, तीन वर्षांनंतर, पागा पुन्हा भरलेली दाखवलीत. ती भरणार नाही. १२ च्या पागेतला एक गेला तर त्या जागी दुसरा यायला स्वाराचं अर्धं तारुण्य जाईल, आणि तिला ते माहीत असेल, त्यामुळे ती त्याला कड्यावरून सोडताना आधी वारा बघेल, मग आभाळ बघेल आणि हुकूम नंतर ऐकेल.

तुमच्या जगातली हवा आणि ओढ आपल्यासारखीच आहे का, आणि गडाचा कडा कुठल्या दिशेला तोंड करून आहे, एवढं कळवा. कडा पश्चिमेला असेल तर पंख लांब-अरुंद करू, समुद्रपक्ष्यांसारखे. आत देशावरच्या तापणाऱ्या पठारावर असेल तर रुंद, गिधाडासारखे. दोन्हींची वळायची आणि उतरायची पद्धत वेगळी आहे, त्यामुळे चित्र काढायच्या आधी हे ठरलेलं बरं.